रेडिओ बिघडलेला नव्हता

माझे घरमालक नव्या भाडेकरूचं आधार कार्ड, कंपनीचं पत्र वगैरे नंतर बघायचे. आधी टाळ्या वाजवून घ्यायचे.

नागपूरला लागून बेसा आहे, तिथे त्यांचं दुमजली घर होतं. खाली ते, काकू आणि मुलगी सुजाता. वरच्या दोन खोल्या आणि गच्ची भाड्याने. मिहानमधल्या एका कंपनीत मला नोकरी लागली तेव्हा आईला घेऊन मी पुसदहून घर बघायला आले होते. साठी ओलांडलेला, बारीक अंगाचा, शर्टाच्या खिशात पेनाऐवजी टेस्टर लावलेला एक गृहस्थ समोर येऊन बसला. भाडं सांगितलं नाही, नियम सांगितले नाहीत. "मी वाजवतो तसं वाजव," म्हणाला आणि पाच टाळ्या वाजवल्या. ऐकायला सोप्या वाटल्या. पहिली जिथे यायला हवी तिथे आली, दुसरी मधेच कुठेतरी, तिसरी आणखी थांबून, आणि मग शेवटच्या दोन लगोलग. मी वाजवायला गेले तर पाचही सरळ रांगेत आल्या.

"शाळेच्या पीटीसारखं झालं," ते म्हणाले. "पुन्हा."

चौथ्या खेपेला जमलं. आई माझ्याकडे 'चल, निघू' अशा नजरेने बघत होती.

"गाणं म्हणतेस का वं?" त्यांनी मला विचारलं.

मी म्हटलं, कॉलेजात बॅन्ड होता, इंग्रजी गाणी म्हणायचो, रॉक वगैरे.

"मंग तर राहाच," ते म्हणाले.

आईने न राहवून काकूंना विचारलं, एकट्या मुलीला घर सुरक्षित आहे ना? काकू पाण्याचे ग्लास ठेवत म्हणाल्या, "सुरक्षित आहे जी. फक्त शांत नाही."

त्या घरात मी दोन वर्षं राहिले आणि काकूंचा शब्द रोज खरा होत गेला.

लेआउटमध्ये, म्हणजे आमच्या वसाहतीत, सगळे त्यांना क्युबावाले काका म्हणत. नवीन आलेल्यांना वाटायचं, हे कधीकाळी परदेशात नोकरीला असतील. काका इटारसीच्या पुढे गेलेले नव्हते. सीताबर्डीच्या एका बोळात तीस वर्षं त्यांचं रेडिओ-टेप दुरुस्तीचं दुकान होतं, आणि क्युबा त्यांना तिथेच भेटला. ती गोष्ट ते प्रत्येक नव्या माणसाला सांगायचे, आणि प्रत्येक वेळी तितक्याच गांभीर्याने.

"एक मोठा रेडिओ आला होता दुरुस्तीले. मी पहाटे घरी लावून पाहिला. दूरचं स्टेशन लागलं, भाषा समजेना, पण गाणं सुरू होतं. ठेका लंगडून राहिला होता. ठोका जिथं पाहिजे तिथं येतच नाही. मले वाटलं, स्पीकर मधेमधे बंद पडून राहिला. मी कंडेन्सर बदलला. मंग स्पीकर बदलला. मंग सगळी वायरिंग खोलली. तिसऱ्या दिवशी दुसऱ्या रेडिओवर तेच स्टेशन लावलं, तर तिथंही ठोका तसाच लंगडा. तवा समजलं. रेडिओ बिघडलेलाच नव्हता. माझा कान सरळ होता."

दुरुस्तीची गरजच नसलेला तो रेडिओ त्यांनी पुढे दोन महिने मालकाला दिला नाही. मालक दुकानात येऊन भांडायचा, काका म्हणायचे, पार्ट मिळून नाही राहिला. तोवर रोज पहाटे ते क्युबातलं स्टेशन शोधायचे. तरुणपणी वस्तीतल्या गायन पार्टीत ते ढोलकी वाजवत; भीमजयंतीच्या दिवसांत त्यांच्या पार्टीला उसंत नसायची. हात तयार होता. त्या हाताने त्यांनी तो लंगडा ठेका मांडीवर, काउंटरवर, बसच्या खिडकीवर वाजवून वाजवून पाठ केला. त्या पाच ठोक्यांना तिकडे क्लावे म्हणतात आणि आफ्रिकेतून गुलाम करून नेलेल्या माणसांनी तो ठेका क्युबात जपला, हे त्यांना फार नंतर, इंटरनेट आल्यावर कळलं.

वाद्यं त्यांनी घरीच केली. संत्र्यांच्या लाकडी पेट्यांना मागून भोक पाडून, पुढे प्लायवूड ठोकून बसायचे ढोल बनवले. दुधी भोपळा वाळवून त्यावर करवतीने खाचा पाडल्या. काडी फिरवली की तो किर्र वाजायचा. आणि क्लावेसाठी दोन घट्ट, सुकलेल्या लाकडाच्या दांड्या हव्या होत्या, म्हणून काकूंचं लाटणं मधोमध कापलं. शिसवीचं होतं, काकूंच्या माहेरचं. काकू महिनाभर बाटलीने पोळ्या लाटत होत्या. नवीन लाटणं आणलं तरी वापरेनात. "पाहुण्यांले दिसू दे," म्हणायच्या.

दर रविवारी सकाळी गच्चीवर तालीम असायची. मी गायचे. माझा कॉलेजातला मित्र अक्षय गिटारवर. त्याला मी ओढून आणलं होतं, एवढंच तेव्हा मी घरी सांगितलेलं होतं. ट्रम्पेटला लग्नाच्या बॅन्डमधले एक मास्तर होते. डीजे आणि धुमालवाल्यांचे मोठे ढोल आल्यापासून त्यांना वर्षाकाठी जेमतेम काही वराती मिळायच्या. आणि पेट्यांवर लेआउटमधलं जे कोणी त्या रविवारी रिकामं असेल ते. सुजाता खांबाला टेकून शाळेच्या गणिताच्या वह्या तपासत बसायची. ती वाजवायची नाही. मान वर न करता फक्त सांगायची, "तिसरी पेटी मागे पडली."

गाणी आमची, चाल काकांची. "पोरं कोणत्या गाण्याले येतील ते तू सांग," ते म्हणायचे, "पाय कुठं टाकायचा ते मी सांगतो." ज्या गाण्यावर आमचं आख्खं कॉलेज डोकं झटकत नाचायचं, असं एक इंग्रजी रॉक गाणं मी पहिल्यांदा म्हणून दाखवलं. ते शेवटपर्यंत ऐकून म्हणाले, "चांगलं आहे. पण हा माणूस इतका रागावला काहून?" मग त्याचा वेग अर्ध्यावर आणला, अक्षयच्या गिटारचा तो कर्कश आवाज काढून टाकला आणि खाली पेट्या सुरू केल्या. मी चिडले होते. गाण्याचा जीव काढला असं वाटत होतं. दुसऱ्या कडव्यात मास्तरांनी ट्रम्पेट उचललं, आणि जे शब्द मी चार वर्षं ओरडत होते ते कुणाला तरी सांगण्यासारखे आहेत हे मला तेव्हा कळलं. गाणं संपल्यावर अक्षय म्हणाला, "काका, पुन्हा." ते म्हणाले, "आधी पाणी."

हे पाण्याचं प्रकरण मोठं होतं. दर वीस मिनिटांनी तालीम थांबायची आणि सगळ्यांनी पाणी प्यायचं. नागपूरच्या मे महिन्यात ठीक आहे, पण डिसेंबरातही. कोमट पाणी, प्रत्येकी एक ग्लास, त्यांच्या डोळ्यांसमोर. कुणी नको म्हटलं की ते पेटीवर हात ठेवून बसून राहायचे. कडाक्याच्या थंडीत गच्चीवर यायचं नाही, खाली हॉलमध्ये बसायचं, पायात मोजे हवेत. मास्तर मला एकदा हळूच म्हणाले, "वाजवायचं कमी अन् दवाखाना जास्त आहे इथं."

कारण मला राहायला आल्यावर सात महिन्यांनी समजलं. जानेवारीतल्या एका सकाळी खालून काकूंची हाक आली. मी उतरले तर सुजाता पलंगावर अंगाचं मुटकुळं करून पडली होती, दोन्ही गुडघे हातांनी धरून. ओरडत नव्हती. दात आवळून भिंतीकडे बघत मोठमोठे आकडे पुटपुटत होती. नंतर तिने सांगितलं की ती सतराचा पाढा म्हणत होती, सतराशेच्याही पुढे. आम्ही तिला रिक्षाने दवाखान्यात नेलं. सलाईन लागलं, औषध दिलं, दुपारपर्यंत तिचा चेहरा सैल झाला.

बाहेरच्या बाकावर काकांनी मला सांगितलं. सुजाताला सिकलसेल होता. रक्तातल्या तांबड्या पेशी कोयत्यासारख्या वाकड्या होतात, बारीक नसांत अडकतात आणि मग हाडं ठणकतात. थंडी, दगदग, अंगातलं पाणी कमी होणं, कशानेही. काका आणि काकू दोघंही वाहक. म्हणजे दोघांनाही काही त्रास नाही, पण दोघांकडूनही ते वाकडेपण मुलीत आलं. लग्नाच्या वेळी दोघांनाही ठाऊक नव्हतं. मुलगी तीन वर्षांची झाल्यावर कळलं.

"याच बाकावर बसून मी एक पुस्तिका वाचली होती," ते म्हणाले. "त्यात लिहून होतं, ही बिमारी आपल्याकडं विदर्भात आहे, आफ्रिकेत आहे, अन् तिकडच्या बेटांवर नेलेल्या लोकांतही आहे. म्हणजे मी जे पहाटे ऐकत होतो ना, ते वाजवणाऱ्यांच्या घरातही असंच कोणी झोपून असंन. त्याईले सुदीक पाणी पाजावं लागत असंन."

एवढं बोलून ते उठले आणि नर्सकडे जाऊन विचारू लागले की पेशंट सकाळपासून किती पाणी प्यायली.

त्याच आठवड्यात त्यांनी कार्यक्रमाचं ठरवलं. पारशिवनीकडच्या गावांतून सिकलसेलची मुलं तपासणीला नागपूरला यायची तर दोन बस बदलायला लागायच्या. दुखणं उठलेल्या मुलाला घेऊन ते व्हायचंच नाही. त्यासाठी एक गाडी हवी होती. शहरातल्या एका क्लबने सभागृह द्यायचं आणि कार्यक्रम चांगला झाला तर गाडीही द्यायचं कबूल केलं. काकांची अट एकच होती. दारात तिकीट नाही. आत येणाऱ्याने बोट टोचून सिकलसेलची तपासणी करून घ्यायची. बोटावर चिकटवलेला कापूस हेच तिकीट.

"आणि सुरुवात आपल्या बॅन्डपासून," ते म्हणाले.

एका रविवारी ओळखीच्या डॉक्टरबाई गच्चीवर आल्या आणि तालमीच्या आधी आमची बोटं टोचली. अक्षय त्या दिवशी अमरावतीला होता. मास्तरांचा निकाल साफ होता. माझ्या रक्ताचा थेंब टाकलेल्या नळीतलं पाणी गढूळ झालं, म्हणजे काहीतरी होतं. पक्का रिपोर्ट दोन दिवसांनी आला: वाहक.

मी आईला फोन केला. आई म्हणाली, "काहीतरी चूक झाली असेल. आपल्यात हे असलं नसतं. हे त्या लोकांत असतं." मी जिन्यात उभी होते, आणि फोन ठेवून वळले तर खालच्या पायरीवर सुजाता होती. तिने ऐकलं होतं. मला जमिनीत गडप व्हावंसं वाटलं. ती म्हणाली, "आमच्या शाळेत तपासणी झाली होती ना, त्याची यादी मी वाचली. हजेरी घेतल्यासारखं वाटलं मला. सगळी आडनावं होती त्यात. आईला सांग." आणि जाता जाता, "आजच नको सांगू. आज तिला रडू दे."

मी काही आजारी नव्हते. पण अक्षयशी लग्न करायचं आमचं ठरत आलं होतं, आणि तोही वाहक निघाला तर प्रत्येक बाळाला सुजातासारखा आजार होण्याची शक्यता चारात एक, हे मला माहीत झालं होतं. तो बुधवारी तपासणी करणार होता. मंगळवारी संध्याकाळी मी गच्चीवर एकटीच बसले होते तेव्हा काका एका पेटीचा खिळा ठोकायच्या निमित्ताने वर आले. बराच वेळ तो एकच खिळा ठोकत होते.

मी विचारलं, "काका, तुम्हाला लग्नाआधी कळलं असतं तर?"

"नसतं केलं," ते म्हणाले. "माझ्या बापानं करूच दिलं नसतं." हातोडी खाली ठेवली. "अन् मंग सुजाता नसती. तीस वर्षं झाले, मी हे गणित सोडवून राहिलो. तिचं दुखणं पाहिलं का वाटते, कळाले पाहिजे होतं. तिले पाहिलं का वाटते, बरं झालं नाही कळलं. दोन्ही खरंच आहे. उत्तर येत नाही."

"मग लोकांना तपासणी कशाला करायला लावता?"

"आमाले कोणी विचारलंच नव्हतं. तुमाले माहीत होऊन ठरवता येते. एवढाच फरक आहे. पण तो लहान नाही वं." ते उठले. जाताना म्हणाले, "उद्या त्याचा काही बी निकाल आला तरी रविवारी तालीम आहे. दोघंही येजा."

बुधवारी अक्षयचा निकाल साफ आला. त्याने मला कंपनीच्या गेटवरून फोन केला आणि नुसता कागद वाचून दाखवला. मी बाथरूममध्ये जाऊन रडले. रविवारी आम्ही तालमीला गेलो. काकांनी आमच्या दोघांकडे एकदा बघितलं आणि अक्षयला म्हणाले, "गिटार सुरात लाव गा. मागच्या आठवड्यापासून तशीच आहे."

कार्यक्रमाच्या आठ दिवस आधी क्लबचे अध्यक्ष घरी आले. मोठे व्यापारी, मनाने चांगले, आवाज सभेचा. त्यांची इच्छा होती की आजारी मुलांना स्टेजवर एका ओळीत बसवावं, ते प्रत्येकाला फळांची टोपली देतील, फोटो होतील, लोकांच्या डोळ्यांत पाणी येईल. सुजाता आतल्या खोलीत होती. आतून वही आपटल्याचा आवाज आला. मला वाटलं काका नाही म्हणतील आणि गाडी जाईल. काका म्हणाले, "बसवू ना जी, स्टेजवरच बसवू."

अध्यक्ष खूश होऊन गेले. सुजाता बाहेर आली आणि वडिलांशी दोन दिवस बोलली नाही.

कार्यक्रमाच्या संध्याकाळी सभागृहाच्या दाराशी टेबलं लावली होती. कॉलेजची पोरं, बँकेतली माणसं, नटूनथटून आलेल्या बायका, सगळे बोट पुढे करून रांगेत. पडदा उघडला तेव्हा स्टेजवर चौदा मुलंमुली पेट्यांवर बसलेली होती, सगळ्यांचे पिवळे शर्ट. त्यांतली सात पारशिवनीकडची, सिकलसेलची. सात आमच्या लेआउटमधली धडधाकट. काकांनी दोन महिने त्यांना वेगवेगळं शिकवलं होतं आणि आठवड्यापूर्वी एकत्र आणलं होतं. दर गाण्याला अर्धी मुलं वाजवणार, अर्धी मागे बसून पाणी पिणार, मग बदली. कोण दमलं म्हणून बसलंय आणि कोण पाळी म्हणून, हे समोरून कळणं शक्यच नव्हतं.

आम्ही सहा गाणी केली. ते रागावलेलं रॉक गाणं तिसरं होतं. पोरांनी ओळखायला अर्धं कडवं घेतलं, मग मागच्या रांगांतून एकदम हसण्याची लाट आली आणि सगळे गायला लागले, हळू, त्या वेगात. काका कोपऱ्यात उभे राहून फक्त दोन दांड्या वाजवत होते. नंतर त्यांनी लोकांना पाच टाळ्या शिकवल्या. निम्म्या सभागृहाचं एकेक बोट कापसामुळे वर राहिलं होतं, त्यामुळे टाळी बद्द यायची, आणि ती चुकत चुकत शेवटी एकदाची जमली.

मग अध्यक्ष टोपली घेऊन स्टेजवर आले. माइकवर म्हणाले, "यातले आपले लहान रुग्ण कोण आहेत, जरा पुढे या बरं." कुणी हललं नाही.

काका म्हणाले, "तुमीच वळखा, साहेब."

अध्यक्ष ओळीपुढून गेले, परत आले. एकेका चेहऱ्याकडे वाकून बघत होते. शेवटी कुणाला तरी द्यायचीच म्हणून त्यांनी ती टोपली अक्षयच्या हातात दिली. अक्षय तेव्हा नाइट शिफ्ट करायचा. काडीसारखा वाळलेला आणि डोळ्यांखाली काळं. त्याने निमूटपणे 'थँक यू सर' म्हटलं.

सगळ्यात आधी सुजाता हसली. पहिल्या रांगेत होती ती. मग मुलं, मग सगळं सभागृह. अध्यक्षांचा चेहरा लाल झाला आणि ते स्टेजवरून उतरून गेले. मास्तर माझ्या कानात म्हणाले, "गेली गाडी."

तीन आठवडे क्लबकडून काही कळलं नाही. काका शांत होते, आम्हीच एकमेकांना दोष देत होतो. मग एका सकाळी दारात पांढरी गाडी उभी राहिली. अध्यक्ष स्वतः बसून आले होते. चहा घेताना म्हणाले, "घरी बायको सांगते, बरोबर केलं त्यांनी. मला पटायला वेळ लागला." त्यांनी स्वतःच्या नातवंडांचीही तपासणी करून घेतली होती, त्याबद्दल जास्त बोलले नाहीत, आम्हीही विचारलं नाही. गाडीवर दोन्ही बाजूंनी क्लबचं नाव हातभर अक्षरांत होतं. अक्षय कुरकुरला. काका म्हणाले, "असू दे ना गा. गावातल्या बायांले गाडी दुरून वळखू येईल."

पुढल्या वर्षी माझं आणि अक्षयचं लग्न झालं आणि आम्ही पुण्याला गेलो. लग्नात काका-काकू आले होते. आई काकूंच्या शेजारी जाऊन बसली आणि दोघी बराच वेळ बोलत होत्या. काय बोलल्या ते दोघींनीही मला सांगितलं नाही. आमची मुलगी आता चार वर्षांची आहे. ती माझ्यावर गेली आहे, वाहक. मोठी झाली की मी तिला सांगीन, आणि काय सांगायचं ते मला ठाऊक आहे.

यंदा जानेवारीत नागपूरला गेले तेव्हा कळलं की तालीम आता पारशिवनीच्या एका शाळेत होते, रविवारी दुपारी, ऊन असताना. मी तिथे पोचले तर आतून पेट्यांचा आवाज येत होता आणि काका बाहेर, त्या पांढऱ्या गाडीच्या पायरीवर बसले होते. सत्तरी पार झाली होती. मनगट दुखतं म्हणून वाजवणं बंद होतं. मी वाकले तर म्हणाले, "बस इथं. आत जाऊन फायदा नाही. हाकललं मले."

"कोणी?"

"सुजातानं. मी लय टोकतो म्हणते. पोरं घाबरतात म्हणते." तक्रार सांगत होते, पण चेहरा अगदी समाधानी होता. "आता सगळं तीच पाहते. शाळा करून हे करते. मागच्या वर्षी दोनच खेपा दवाखान्यात गेली."

आम्ही बसून राहिलो. आत एक नवीन हिंदी गाणं चाललं होतं, हल्ली सगळ्या लग्नांत वाजतं ते, आणि कुणीतरी मुलगी फार छान गात होती. काका डोळे मिटून ऐकत होते.

"कसं वाटतंय?" मी विचारलं.

"चांगलं आहे. डावीकडची एक पेटी चुकून राहिली. पण मी काई जाणार नाही सांगाले. तिले समजन."

दोन मिनिटं गेली. मग ते गुडघ्यावर हात टेकून उठले, चपला काढल्या आणि आवाज न करता आत गेले. पेट्या थांबल्या. आतून सुजाताचा आवाज आला, "बाबा, बाहेर."